वॉल्टर कॉफमन : आकाशवाणीच्या धूनचा कर्ता

आकाशवाणीची पहिली सभा सुरू होण्याआधी वाजणारी ती छोटीशी धून ऐकली नाही, असा पन्नाशीपुढचा एकही सभासद आपल्या सोसायटीत सापडणार नाही. मागे तंबोरा, त्यावर एकटं व्हायोलिन, तेच थोडेसे सूर पुन्हा पुन्हा. मग निवेदकाचा आवाज, भक्तिगीतं, बातम्या. बंब पेटवायचा, दूध आणायला जायचं, मुलांना हाका मारायच्या, हे सगळं त्या धूनच्या आगेमागे चालायचं. स्मरणिकेसाठी लेख द्यायचं कबूल केल्यावर मी बागेतल्या आमच्या कट्ट्यावर सहज विचारलं, की ही धून कोणी केली? दोघांनी पंडित रविशंकर यांचं नाव घेतलं. (दूरदर्शनची धून त्यांच्या नावावर आहे, त्यामुळे ही गल्लत नेहमी होते.) एकजण म्हणाले, सरकारने कोणाकडून तरी करून घेतली असेल! 

तिचं श्रेय ज्यांना दिलं जातं ते वॉल्टर कॉफमन हे आजच्या झेक प्रजासत्ताकातले. आपल्याकडे झेक म्हटलं की फार तर बाटाचे बूट आणि संभाजीनगरजवळ शेंद्र्याला तयार होणारी स्कोडा गाडी आठवते. त्या देशातून आलेला हा तिसरा आहेर आपण नव्वद वर्षं वापरतो आहोत, पण देणाऱ्याचं नाव आपल्या वहीत लिहून ठेवलेलं नाही.

कॉफमन यांचा जन्म १ एप्रिल १९०७ चा, गाव कार्ल्सबाद. झेक भाषेत त्याला कार्लोव्ही व्हारी म्हणतात. आपल्या वज्रेश्वरी-गणेशपुरीसारखी तिथे गरम पाण्याची कुंडं आहेत. फरक एवढाच, की तिथले लोक त्यात डुंबण्याबरोबर ते पाणी औषध म्हणून पितातही. युरोपातले राजेरजवाडे, लेखक, पोट बिघडलेले धनिक सगळे तिथे येत. नेताजी सुभाषचंद्र बोससुद्धा १९३४ च्या सुमारास उपचारासाठी त्या गावी राहून गेले. अशा गावात उन्हाळ्यात पाहुण्यांसाठी रोज वाद्यवृंद वाजत असे, त्यामुळे मुलाच्या कानावर संगीत लहानपणापासून होतंच.

घर ज्यू, भाषा जर्मन. गाव तेव्हा ऑस्ट्रिया-हंगेरीच्या साम्राज्यात होतं. पहिलं महायुद्ध संपलं, १९१८ मध्ये चेकोस्लोव्हाकिया नावाचा नवा देश झाला. म्हणजे अकरा वर्षांचा मुलगा जागचा हलला नाही आणि त्याचा देश मात्र बदलला. पुढे आयुष्यभर हे असंच होणार होतं, फक्त दर वेळी बसल्या जागी नव्हे.

संगीताच्या उच्च शिक्षणासाठी ते बर्लिनला गेले. तिथे फ्रान्झ श्रेकर हे त्या काळचे नामवंत ऑपेराकार त्यांना शिकवायला होते. १९३० मध्ये तिथली पदवी घेऊन ते प्रागच्या जर्मन विद्यापीठात संगीतशास्त्राच्या अभ्यासासाठी दाखल झाले. प्रबंधाचा विषय गुस्टाव्ह माहलर. माहलर हे जगप्रसिद्ध संगीतकार, आणि तेही बोहेमियातले ज्यू. प्रबंध पुरा झाला, सादरही झाला. डॉक्टरेट हातातोंडाशी आली होती. तेवढ्यात त्यांना कळलं, की आपले प्राध्यापक गुस्टाव्ह बेकिंग हे स्थानिक नाझी युवक संघटनेचे पुढारी आहेत. कॉफमन यांनी पदवी घ्यायला सरळ नकार दिला.

बँकेतल्या माझ्या पिढीला विचारा. सीएआयआयबीच्या परीक्षेत एकेक भाग सुटला की पगारात वाढ मिळायची, तेवढ्यासाठी आम्ही रात्री जागवल्या. नावापुढे डॉक्टर लागायची वेळ आली असताना तो कागद नको म्हणणं काय असतं, याची कल्पना आम्हाला बऱ्यापैकी येऊ शकते. मोर्चा नाही, भाषण नाही. ज्याच्या सहीने पदवी मिळणार ती सही नको, एवढंच. वय पंचविशीच्या आसपास, घरची जहागीर नाही, आणि पुढच्या सगळ्या नोकऱ्या त्या कागदावर अवलंबून!

१९३३ मध्ये जर्मनीत हिटलर सत्तेवर आला. श्रेकर यांनाही ज्यू वंशाचे म्हणून बर्लिनमधलं पद सोडावं लागलं होतं. प्राग अजून स्वतंत्र होतं, आणि हे वादळ जर्मनीपुरतंच राहील असं तिथल्या पुष्कळांना वाटत होतं. कॉफमन थांबले नाहीत. १९३४ मध्ये, सत्ताविसाव्या वर्षी, त्यांनी मुंबईचं जहाज पकडलं. युरोपातून पुढे मुंबईला ज्यूंची रीघ लागली, पण ती १९३८ नंतर. हे चार वर्षं आधी आले. मुंबईला ज्यू नवे नव्हते. कोकणातले आपले बेने इस्रायली, ज्यांना आपण शनवार तेली म्हणत आलो, ते शतकानुशतकं मराठी बोलत इथेच राहिलेले. पण कॉफमन यांना मराठी नाही, हिंदी नाही, ओळखीचं हवामान नाही. वॉर्डन रोडजवळच्या रेवा हाउसमध्ये त्यांनी बिऱ्हाड केलं.

आल्यावर काही महिन्यांतच त्यांनी बॉम्बे चेंबर म्युझिक सोसायटी स्थापन केली. चेंबर म्युझिक म्हणजे मोठा वाद्यवृंद नव्हे. तीन-चार वादक जवळजवळ बसून वाजवतात, आपल्या खाजगी बैठकीसारखं. दर गुरुवारी विलिंग्डन जिमखान्यात कार्यक्रम होई. पियानोवर स्वतः कॉफमन, चेलोवर एडिजिओ व्हेर्गा नावाचे इटालियन गृहस्थ, आणि व्हायोलिनवर मुंबईचे तरुण पारशी वादक मेहली मेहता. मे १९३७ पर्यंत या मंडळींनी १३६ कार्यक्रम केले होते. परक्या गावात, तीन वर्षांच्या आत १३६! सांस्कृतिक मंडळ चालवणाऱ्यांना या आकड्याचं वजन कळेल. आपल्याकडे कोजागिरीला हार्मोनियमवाला मिळवताना काय धावपळ होते, हे आपण पंचवीस वर्षं बघतो आहोत.

आता मुख्य मुद्दा. कॉफमन यांनी पुढे आपल्या आठवणी लिहून ठेवल्या. त्यात त्यांनी प्रांजळपणे सांगितलं आहे, की हिंदुस्थानी संगीताच्या रेकॉर्डी पहिल्यांदा ऐकल्या तेव्हा त्यांना काहीच कळलं नाही. ते संगीत अगदी परकं, विचित्र वाटलं. तसं वाटणारे साहेब मुंबईत पैशाला पासरी होते, आणि क्लबात बसून चेष्टा करण्यापलीकडे त्यांची मजल जात नव्हती. कॉफमन यांनी वेगळा हिशेब मांडला. ज्या लोकांनी हे संगीत निर्माण केलं त्यांना मन आहे, बुद्धी आहे. कोट्यवधी माणसांना ते आवडतं. तेव्हा चूक त्या संगीतात असणं शक्य नाही, ती आपल्या कानात आहे. म्हणून त्याच रेकॉर्डी पुन्हा पुन्हा लावायच्या, कळेपर्यंत.

हे त्यांनी खरोखर केलं. आपली बदली झाली की पहिले सहा महिने त्या गावाला नावं ठेवण्यात जातात. पाणी वाईट, बस नाही, माणसं उर्मट. हा माणूस इतक्या लांबून आला आणि पहिला संशय स्वतःवर घेतला. माझ्या मते त्यांचं सगळं पुढचं काम या एका हिशेबातून निघालं आहे. ती धूनसुद्धा.

मुंबईत नभोवाणी १९२७ पासून होती. आधी एक खाजगी कंपनी चालवत होती, ती बुडाली, मग सरकारने ती चालवायला घेतली. जून १९३६ मध्ये तिला ऑल इंडिया रेडिओ हे नाव मिळालं. आकाशवाणी हे नाव स्वातंत्र्यानंतरचं. सर्व केंद्रांना एक ओळखीची खूण हवी होती, तिच्यासाठी कॉफमन यांची ही रचना घेतली गेली. तीत शिवरंजनी रागाची छाया आहे असं जाणकार सांगतात. शिवरंजनीत सूर पाचच, सा रे ग प ध, आणि त्यातला गंधार कोमल. त्या कोमल गंधारामुळेच ती धून सकाळच्या वेळीसुद्धा थोडी उदास वाटते, निदान मला तरी वाटते. व्हायोलिन मेहली मेहतांचं, असं म्हणतात. गंमत बघा, की त्याच १९३६ च्या एप्रिलमध्ये मेहलींच्या घरी मुलगा झाला, तो झुबिन मेहता.

रचनेत हुशारी कुठे आहे? तंबोरा आपला, स्वरांची चाल आपली, वाद्य युरोपचं पण आपल्याकडे रुळलेलं. कुठेही युरोपी पद्धतीने सुरांचे थर चढवलेले नाहीत. बर्लिनमध्ये शिकलेल्या माणसाला ते करायचा मोह झाला नसेल का? त्या काळी रेडिओवरच्या पाश्चात्त्य मंडळींना आपल्या संगीताबद्दल बोलायला बरंच काही असे. दिल्ली केंद्रावरच्या जॉन फाउल्ड्स या इंग्रज संगीतकाराने हार्मोनियमविरुद्ध लिहिलं, आणि १९४० मध्ये रेडिओवर पेटीला बंदी आली ती कित्येक वर्षं टिकली. (फाउल्ड्सही आपल्या संगीताचे प्रेमीच होते, पटकीने १९३९ मध्ये कलकत्त्यात गेले.) कॉफमन यांनी अशी काही फर्मानं काढायला लावल्याचं दिसत नाही.

१९३७ मध्ये ते ऑल इंडिया रेडिओच्या मुंबई केंद्रावर पाश्चात्त्य संगीत विभागाचे प्रमुख झाले आणि १९४६ पर्यंत राहिले. रेडिओसाठी त्यांनी अनसूया नावाचा ऑपेराही रचला. सिनेमाचं कामही केलं. मोहन भवनानी हे जर्मनीत सिनेमाचं तंत्र शिकून आलेले दिग्दर्शक. प्रेमचंदांकडून पटकथा लिहून घेणारे, पुढे १९४० मध्ये नौशाद यांना संगीतकार म्हणून पहिली संधी देणारे, आणि स्वातंत्र्यानंतर फिल्म्स डिव्हिजनचे पहिले मुख्य निर्माते. त्यांच्या बोलपटांना कॉफमन यांनी पार्श्वसंगीत दिलं. आपल्याकडे तोवर दोन गाण्यांच्या मधली जागा अनेकदा पेटी-तबल्यावर भागवली जायची. युद्धाच्या वर्षांत सरकारी माहितीपटांनाही त्यांनी संगीत दिलं.

भवनानींच्याच कंपनीत पुढे १९३९ मध्ये कॉफमन यांचे स्नेही विली हास पटकथा लिहायला आले. हे मूळ प्रागचे, बर्लिनमध्ये मोठं साहित्यिक साप्ताहिक चालवणारे संपादक. हिटलरने देशोधडीला लावलेला हा माणूस मुंबईत बसून हिंदी बोलपटांच्या कथा रचत होता! हास यांच्यामुळे आठवलं. फ्रान्झ काफ्का हे नाव साहित्य वाचणाऱ्या आपल्या सभासदांना माहीत असेल, सकाळी उठल्यावर किडा झालेल्या माणसाची गोष्ट लिहिणारे. युद्धानंतर काफ्कांच्या मिलेनाला लिहिलेल्या पत्रांचं संपादन याच हास यांनी केलं. आणि कॉफमन यांच्या पत्नी गर्टी या काफ्कांच्या सख्ख्या भाची, थोरल्या बहिणीच्या, एलीच्या, कन्या. वॉर्डन रोडच्या परिसरात त्या काळी काफ्कांची भाची राहत होती, हे तिथल्या कोणाला माहीत असायचं कारण नव्हतं. काफ्का तेव्हा प्रसिद्धच नव्हते.

इकडे गुरुवारच्या मैफली, रेडिओ, सिनेमा चालू असताना तिकडे घर राहिलं नाही. सप्टेंबर १९३८ च्या म्युनिक करारात इंग्लंड-फ्रान्सने चेकोस्लोव्हाकियाची सरहद्द हिटलरला देऊन टाकली, त्यात कार्ल्सबाद गेलं. दीड महिन्यात गावातलं ज्यूंचं प्रार्थनामंदिर जाळण्यात आलं. मार्च १९३९ मध्ये प्रागही गेलं. गर्टी यांच्या आईला १९४१ मध्ये पोलंडमधल्या लोड्झला नेण्यात आलं, तिथून ती परतली नाही. काफ्कांच्या तिन्ही बहिणी अशाच मारल्या गेल्या. ज्या रेडिओवर कॉफमन नोकरी करत होते त्याच रेडिओवर युरोपच्या बातम्या रोज वाचल्या जात. कोणतं गाव पडलं, कोणतं सैन्य कुठे पोचलं. गाडीत भरून नेलेल्या माणसांची नावं त्या बातम्यांत येत नसत. पत्रं आधी उशिरा येऊ लागली आणि मग यायची बंद झाली. १९३४ मध्ये जहाज पकडणारा शहाणा ठरला, पण त्या शहाणपणाचा आनंद मानणं कोणाला जमलं असतं?

या काळात त्यांनी केलेलं आणखी एक काम मला फार मोलाचं वाटतं. ते मध्य प्रांतातल्या गोंड आणि बैगा लोकांमध्ये जाऊन त्यांची गाणी टिपून आणत. बस्तरच्या माडिया आणि मुरिया गोंडांच्या गाण्यांवरही त्यांनी पुढे लिहिलं. आपल्या भामरागडच्या माडियांचे हे भाऊबंद. गोंड-बैगांच्या गाण्यांवरचा त्यांचा लेख १९४१ मध्ये अमेरिकेतल्या नामांकित संगीत त्रैमासिकात छापून आला. मुंबईच्या पांढरपेशा संगीतरसिकांपैकी तेव्हा किती जण बैगांचं गाणं ऐकायला गेले असतील?

१९४६ मध्ये, बारा वर्षांनी, त्यांनी मुंबई सोडली. काही काळ इंग्लंडमध्ये बीबीसीचं काम केलं, मग कॅनडातल्या हॅलिफॅक्सच्या संगीतविद्यालयात गेले. गर्टी यांच्याशी असलेला संसार टिकला नाही. १९४८ मध्ये कॅनडाच्याच विनिपेग शहरात नवा सिम्फनी वाद्यवृंद उभा राहिला, त्याचे ते पहिले संचालक झाले. विनिपेगमध्ये हिवाळ्यात पारा शून्याखाली तीस अंशांपर्यंत जातो. वॉर्डन रोडवरून थेट तिथे! पियानोवादक फ्रीडा ट्रेपेल यांच्याशी त्यांनी पुढे लग्न केलं. मद्रास एक्स्प्रेस नावाची त्यांची एक रचना आहे. आपल्या आगगाडीचं नाव वाद्यवृंदाच्या रचनेला देऊन ती पाश्चात्त्य श्रोत्यांना ऐकवणारा माणूस मनाने कुठे होता, हे सांगायला नको.

सुमारे दहा वर्षं वाद्यवृंद सांभाळून १९५७ मध्ये ते अमेरिकेत इंडियाना विद्यापीठात संगीतशास्त्राचे प्राध्यापक झाले. प्रागमधले त्यांचे दुसरे गुरू पॉल नेटल हेही हिटलरमुळे देश सोडून याच विद्यापीठात आलेले होते. ज्या माणसाने डॉक्टरेट नाकारली तो शेवटी विद्यापीठात पोचला, तेवीस-चोवीस वर्षांच्या वळशाने.

इथे त्यांनी मुंबईतलं भांडवल बाहेर काढलं. १९६८ मध्ये उत्तर हिंदुस्थानी रागांवरचा त्यांचा जाडजूड ग्रंथ निघाला, १९७६ मध्ये दाक्षिणात्य रागांवरचा. याच सुमारास आशियातल्या स्वरलेखन पद्धती, तिबेटी बौद्ध पठण, प्राचीन चिनी ग्रंथांतले संगीताचे उल्लेख अशा विषयांवरही पुस्तकं झाली. उत्तर हिंदुस्थानी रागांच्या ग्रंथाची मांडणी दहा थाटांनुसार आहे. म्हणजे पाया आपल्या विष्णु नारायण भातखंडे यांचा. भातखंडे वाळकेश्वरचे, पेशाने वकील. गावोगाव हिंडून, गवयांची मनधरणी करून त्यांनी चिजा गोळा केल्या आणि रागांची दहा थाटांत व्यवस्था लावली. १९३६ च्या सप्टेंबरमध्ये ते मुंबईत वारले. शेवटची वर्षं ते अंथरुणाला खिळून होते, आणि त्यातली दोन वर्षं कॉफमन त्याच शहरात, वाळकेश्वरपासून फार लांब नसलेल्या रेवा हाउसमध्ये, त्या न कळणाऱ्या रेकॉर्डी परत परत लावत बसलेले होते. रागांना थाटांच्या चौकटीत बसवणं सगळ्या गायकांना मान्य नाही, कॉफमन यांच्या ग्रंथावरही तो आक्षेप येऊ शकतो. तरी अमेरिकेतल्या विद्यार्थ्याला भूप आणि देशकार यांत फरक काय, हे स्वर लिहून दाखवणं सोपं काम नव्हतं.

संगीतरचना चालूच होती. सिम्फनी, ऑपेरा, वाद्यत्रयी. पण ती फारशी वाजली नाहीत. ९ सप्टेंबर १९८४ रोजी ब्लूमिंग्टन गावी त्यांचं निधन झालं. त्यांची हस्तलिखितं इंडियाना विद्यापीठाच्या संगीत ग्रंथालयात आहेत. आपल्याकडे त्या दिवशीही पहाटे सगळ्या केंद्रांवरून ती धून नेहमीप्रमाणे वाजली असणार. रोज वाजायची तशी, रचनाकाराचं नाव न सांगता.

२०२० मध्ये टोरांटोच्या एआरसी आँसाम्बल या वादकसमूहाने त्यांच्या मुंबई काळातल्या काही रचना ध्वनिमुद्रित करून प्रसिद्ध केल्या. त्या इंटरनेटवर ऐकायला मिळतात. मी मुलाकडून लावून घेतल्या. पहिल्या खेपेला मला त्यातलं फारसं काही कळलं नाही. तिसऱ्या-चौथ्या खेपेला एका ठिकाणी व्हायोलिनमधून ओळखीचे सूर डोकावून गेले, तेव्हा हिनेही स्वयंपाकघरातून विचारलं, रेडिओ लावलात का? ज्यांना हव्यात त्यांनी माझ्याकडून नावं लिहून घ्यावीत, संध्याकाळी सहानंतर मी कट्ट्यावर असतो.